दह्याच्या डब्याचा भोपळा

मी एक जुना दह्याचा डबा आहे, आणि एका संध्याकाळी मी एकट्याने अख्खं नोव्हाय शहर उजळून टाकलं होतं. बसत नाही ना विश्वास? आजवर कुणाचाच बसलेला नाही, त्यामुळे मला सवय आहे. तुम्ही नुसतं ऐका.

मित्रांनो, तुम्ही सगळे कालच जन्माला आलात. अजून तुमचा डिंक ओला आहे. गॅरेजमधल्या या टेबलावर, पिझ्झ्याच्या रिकाम्या खोक्यावर तुम्हाला वाळत ठेवलंय. तुम्ही टॉयलेट पेपरच्या नळ्यांची वटवाघळं. नळीचं वरचं तोंड पुढून-मागून आत दाबलं की दोन कान आपोआप उभे राहतात. मग काळा रंग फासला, पुठ्ठ्याचे पंख चिकटवले, झालं वटवाघूळ. तुम्ही अंड्यांच्या ट्रेमधून कापलेले कोळी, पायांच्या तारा अजून वाकड्यातिकड्या. आणि तुम्ही मेपलच्या पानांची भुतं. पांढरा रंग आणि दोन काळे ठिपके, एवढ्या भांडवलावर भूत होता येतं, हे मला तुमच्याकडे बघून कळलं. उद्या हॅलोविन, मुलं सोंगं घेऊन दारोदार चॉकलेटं मागत फिरतील. उद्या तुम्हाला दारात टांगतील, आणि सकाळपासून तुम्ही सगळे एकमेकांच्या कानात एकच गोष्ट विचारताय की कुणी आलंच नाही तर काय.

म्हणून ही गोष्ट सांगतो.

माझा जन्म टेक्सासमधल्या एका कारखान्यात झाला. साच्यातून बाहेर पडलो तेव्हा मी इतका पांढराशुभ्र होतो की तिथल्या कामगारांनी घाईघाईने काळे चष्मे चढवले. मग माझ्यात दही भरलं. ज्या गाईच्या दुधाचं ते दही होतं ती इतकी उंच होती, की तिची धार काढायला शिडी लावावी लागे.

"खरंच?" एका कोळ्याने विचारलं.

"दोन शिड्या," मी म्हणालो.

टेक्सासमधल्याच फ्रिस्को गावातल्या एका देशी दुकानातून रुचाने मला घरी आणलं. रुचा पुण्याची. मोटारींच्या ब्रेकच्या चाचण्या घेणं हे तिचं काम. तिचा नवरा परीक्षित नागपूरचा, तो दिवसभर कॉम्प्युटरसमोर बसून मीटिंगमध्ये मान हलवतो. आणि त्यांची मुलगी आन्या, जिला तेव्हा नीट बोलताही येत नव्हतं. दही आठवड्यात संपलं. परीक्षित मला कचऱ्यात टाकायला निघाला, तेव्हा रुचाने त्याच्या हातातून मला काढून घेतलं. "अरे, चांगला डबा आहे," ती म्हणाली. माझ्या आयुष्यातली ती पहिली स्तुती. मित्रांनो, अमेरिकेतल्या मराठी घरात दही संपलं म्हणजे डब्याचं आयुष्य सुरू होतं.

मी काय काय सांभाळलं म्हणून सांगू! इडलीचं पीठ सांभाळलं, भिजवलेला साबुदाणा सांभाळला, एक अख्खा हिवाळा खोवलेलं खोबरं पोटाशी धरून फ्रीजरमध्ये काढला. पण माझी खरी नोकरी आमटीची. रुचाची आमटी अशी की तिच्या वासाने शेजारचा कुत्रा मराठीत भुंकायला लागला. आन्या थोडी मोठी झाल्यावर दही समजून मला उघडायची, आणि दर वेळी आत दुसरंच काहीतरी असायचं.

"ममा, इट सेज योगर्ट," ती तक्रार करायची.

"डब्यावर काय लिहिलंय ते वाचायचं नसतं, बाळा," रुचा सांगायची. "उघडून बघायचं असतं."

आमटी गार झाल्याशिवाय डब्यात ओतू नकोस, हे रुचाने परीक्षितला किती वेळा बजावलं असेल. तो वाफाळतीच ओतायचा. त्यामुळे हळद माझ्या अंगात मुरली. तळाला गडद केशरी, वर फिकट पिवळा. रुचाने लिंबू चोळलं, सोडा लावला, मला उन्हात पालथा घातला. डाग काही हलला नाही. मग माझं झाकणही कुठेसं हरवलं. पाहुणे यायचे असले की मला मागे सरकवायचे, आणि मागे सरकत सरकत मी एक दिवस सिंकखालच्या कपाटाच्या कोपऱ्यात पोचलो. तिथे कुणी मला हात लावेना. त्या काळाबद्दल मी फारसं बोलत नाही.

आन्या सहा वर्षांची असताना हे कुटुंब फ्रिस्कोहून इथे, मिशिगनमधल्या नोव्हायला आलं, आणि भांड्यांच्या खोक्यातून मीही आलो, थेट इथल्या सिंकखाली. ही घरांची रांग तुम्ही उद्या बघालच. सगळी घरं एकाच रंगाची, एकसारखी दारं, दारापुढे तशाच पायऱ्या. रुचा स्वतः पहिल्या आठवड्यात शेजारच्या प्रसन्नच्या दाराला आपली किल्ली लावत होती. आन्याला शाळा नवी, मुलं नवी. शाळेत ती कुणाशी बोलायची नाही, आणि घरी शाळेबद्दल बोलायची नाही. पण ऑक्टोबरात वर्गातली मुलं, हॅलोविनला कुणाकुणाच्या घरी जायचं ते ठरवत होती, तेव्हा ती पहिल्यांदा मोठ्याने बोलली. माझ्या दारात पेटलेला पम्पकिन असेल, ती म्हणाली, त्याला एकच दात असेल. तो दिसला की ते माझं घर. आन्याचे पुढचे दात तेव्हा नुकतेच पडले होते, एकच उरला होता.

रुचाने शेतावरून मोठा थोरला भोपळा आणला. परीक्षित कामासाठी फ्रिस्कोला गेला होता. एकतीस तारखेला, हॅलोविनच्या दुपारी तो परत येणार आणि भोपळा पोखरून, डोळे-तोंड कोरून आत दिवा ठेवणार, असं ठरलं.

दुपारी फोन आला. मी कपाटात होतो, पण मला भिंतीपलीकडचंच काय, गावापलीकडचंही ऐकू येतं.

"फ्लाइट कॅन्सल झाली यार," परीक्षित स्पीकरवर म्हणाला. "आता उद्या सकाळीच."

"आणि भोपळा?"

"तू काप ना."

रुचाने सुरी घेतली. भोपळ्यापाशी नेली. तिथेच थांबली.

"काय झालं?" परीक्षितने विचारलं.

"हात जात नाहीये."

मित्रांनो, हे तुम्हाला समजावून सांगायला हवं, तुम्ही इथले. आपल्याकडे कितीतरी घरांत अख्ख्या भोपळ्याला पहिली सुरी बाईने लावायची नसते. पुरुषाने एक घाव घालायचा, मग उरलेला भोपळा बाईने चिरावा, शिजवावा, वाढावा. का, ते कुणी सांगत नाही. पुण्यात रुचाची आई पेपर टाकायला आलेल्या माणसाला दारात थांबवून सुरी लावून घ्यायची, आणि मगच त्याला चहा द्यायची.

"तू इंजिनिअर ना गं," परीक्षित म्हणाला. "दिवसभर लोकांचे ब्रेक तपासतेस, आणि भोपळ्यासमोर तुझाच लागला?"

"माझा विश्वास नाहीये असल्या गोष्टींवर."

"मग काप."

"विश्वास नाहीये, पण हातही जात नाहीये. त्याला मी काय करू?"

"प्रसन्नला बोलव."

"आणि काय सांगू त्याला? ये, आमच्या भोपळ्याला सुरी लाव?" असं म्हणाली, तरी ती जाऊन त्याची बेल वाजवून आली. तो ऑफिसातून यायचा होता.

"व्हिडिओ ऑन कर," परीक्षित म्हणाला. "मी इथून हवेत सुरी मारतो. चालेल का, विचार तुझ्या आईला."

रुचाला हसू आलं. आन्याला आलं नाही. ती भोपळ्याशेजारी जमिनीवर बसली होती.

"आपण वरूनच मार्करने तोंड काढू त्याला," रुचा म्हणाली.

"इट वोन्ट ग्लो, ममा." आन्याने भोपळ्यावरून हात फिरवला. "दे वोन्ट नो इट्स माय हाउस."

फोन बंद झाला. रुचा चॉकलेटांसाठी मोठं भांडं शोधायला सिंकखालच्या कपाटात वाकली. त्या क्षणी मी मागच्या कोपऱ्यातून झेप घेतली, हवेत तीन कोलांट्या मारल्या आणि आन्याच्या पायाशी अलगद उतरलो. रुचा अजूनही सांगते की तिच्या हाताचा धक्का लागून मी पडलो. सांगू दे.

आन्याने मला उचललं आणि खिडकीतल्या उजेडासमोर धरलं.

"ममा, लुक. ही इज ऑरेंज."

रुचा बघतच राहिली. ज्या डागाला तिने लिंबू चोळलं होतं, त्यातून ऊन गाळून येत होतं, पिकलेल्या भोपळ्याच्या रंगाचं.

मग त्या दोघी कामाला लागल्या. आधी मला कोमट पाण्यात बुडवून अंगावरचा दह्याच्या नावाचा कागद सोलला. उरलेला चिकटा खोबरेल तेलाने चोळून काढला आणि साबणाने धुतला. मला पालथं घातलं, म्हणजे तळाचा गडद भाग वर आला. रुचाने वायरला लावायची काळी टेप काढली. आन्याने तिचे दोन त्रिकोण कापले, ते डोळे. रुंद पट्ट्या जोडून तोंड केलं, आणि त्यात एकच चौकोन रिकामा सोडला, तो दात. डोक्यावर देठ म्हणून दालचिनीची काडी चिकटवली. जिन्याखालच्या खोक्यातून गणपतीच्या आराशीतली बॅटरीची छोटी माळ आणली, ती माझ्या पोटात, आणि वाऱ्याने उडू नये म्हणून सोबत अंगणातला एक दगड. मेणबत्ती नाही हं, मित्रांनो. प्लास्टिकला मेणबत्ती कधी दाखवू नये, मी सांगतो म्हणून लक्षात ठेवा. या सगळ्यात सुरी कुठेच लागली नाही.

टेप कापताना आन्या बोलत होती. वर्गात खिडकीजवळ कोण बसतं, डब्यात कोण काय आणतं, कोणाला कुत्र्याची भीती वाटते. रुचाने मधे एकही प्रश्न विचारला नाही. नुसती टेप धरून राहिली.

"व्हॉट इफ नोबडी कम्स?" आन्याने शेवटी विचारलं.

"मग आपण दोघी सगळी चॉकलेटं खाऊ."

"आय डोन्ट वॉन्ट ऑल द चॉकलेट्स."

"माहितीये मला," रुचा म्हणाली.

संध्याकाळी मला पायरीवर ठेवलं. थंडी अशी की बोलणाऱ्याचे शब्द गोठून खाली पडत होते, आणि लोक ते घरी नेऊन शेकोटीपाशी वितळवून ऐकत होते. हलका बर्फही भुरभुरत होता. आन्याने जाड जॅकेटवर फुलपाखराचे पंख चढवले होते. काचेच्या दारामागे, जिन्याच्या खालच्या पायरीवर, मांडीवर चॉकलेटांचा बाउल घेऊन ती बसली. रुचा तिच्यामागे उभी राहून फोनमध्ये काहीतरी बघत असल्यासारखं करत होती. समोरच्या फुटपाथवरून एक घोळका गेला. जॅकेटांत गुरफटलेला एक डायनासोर, एक परी, त्यांच्यामागे छत्री धरलेले कुणाचे तरी बाबा. ते तसेच पुढे गेले. आन्याने बाउल घट्ट धरला. मी माझ्या अंगातली सगळी हळद पणाला लावली.

"मग?" पानांच्या भुतांनी एका आवाजात विचारलं.

मग काय, मित्रांनो! माझा उजेड असा फाकला की डेट्रॉइटच्या विमानतळावर उतरणारी विमानं वाट चुकून आमच्या गल्लीवर घिरट्या घालू लागली. ॲन आर्बरहून विद्यार्थ्यांच्या बसेस भरून आल्या. वर्गातली सगळी मुलं आली, त्यांच्या बाईही आल्या, त्यांची रांग पार हायवेपर्यंत पोचली. सगळे विचारत होते, एका दाताचं घर हेच ना? आन्या चॉकलेटं वाटून वाटून थकली. बाउल रिकामा झाला तेव्हा रुचाने शेंगदाण्याचे लाडू काढले, आणि डायनासोरांनीसुद्धा ते मागून खाल्ले.

म्हणून सांगतो, घाबरू नका. आणि तुमच्यापैकी कुणाकडून पुढे एखाद्या घरात काही सांगणं झालं, तर एवढंच सांगा. डाग पडला म्हणून डबा टाकू नका. पुठ्ठ्याची नळी, अंड्याचा ट्रे, गळलेलं पान, काहीच टाकण्याआधी एकदा उजेडासमोर धरून बघा. आम्ही फार मागत नाही. वर्षातून एकदा काढा, पुसा, पोटात नवी बॅटरी घाला, आणि दारात ठेवा. उद्या बघालच तुम्ही, त्या रात्रीसारखीच शेकडो मुलं या पायऱ्यांवर...

"डबेकाका," एक वटवाघूळ म्हणालं. त्याचा एक पंख अजून नीट चिकटला नव्हता. "काल मला हा पंख लावताना आन्याची ती मैत्रीण, रीमा, तिला सांगत होती. म्हणाली, त्या वर्षी तुझ्याकडे मी एकटीच आले होते, आणि तू अख्खा बाउल माझ्या पिशवीत ओतलास."