डोमाजीचं खोटं मरण

लीलाबाईला सिनेमाचं काही कौतुक नव्हतं. तिला फक्त आपला नवरा उठून बसताना पाहायचा होता.

झालं असं की, गेल्या हिवाळ्यात बालाघाटचा अनुराग, सिनेमे काढणारा पोरगा, कटंगीजवळच्या त्यांच्या गावात आला. नट नकोत, गावचीच माणसं हवीत म्हणे! सगळे हौसेनं तयार झाले. पण सिनेमात एक अंत्ययात्रा होती; तिरडीवर निजायला कोण धजतो? खोकल्यानं पार खंगलेला लीलाबाईचा नवरा डोमाजीच पुढे झाला.

"खोट्या मरणानं आयुष्य वाढते वं. निजू दे मले."

लीलाबाई आधी भडकली. मग तिलाच ते पटलं. डॉक्टरांनी तर हात टेकले होते, आता एवढं तरी करून पाहावं. शूटिंगच्या दिवशी तिनं असा टाहो फोडला की शेजारच्या बायांनाही रडू आवरेना. अनुराग "कट" म्हणाला, तसा डोमाजी उठून बसला आणि कपाळावरचा गुलाल पुसत म्हणाला, "रडून झालं असन त चहा मांड." तिनं तिरडीवरचंच एक फूल उचलून त्याला मारलं. दोघंही हसले. कॅमेरा तेव्हाही चालूच होता, तिनं पाहिलं होतं.

आयुष्य कसलं वाढतंय! धानाची रोवणी यायच्या आत डोमाजी गेला. त्या दिवशी लीलाबाईच्या डोळ्यांतून टिपूस निघालं नाही. आता उठन, मंग उठन, असंच तिला वाटत राहिलं.

आज शाळेच्या खोलीत खिडक्यांवर गोधड्या टांगून अनुरागनं सिनेमा लावला. अंगणात आरसा धरून मिशा कापणारा डोमाजी दिसला, तशी पोरं ओरडली. मग तिरडी आली. लीलाबाई सरकत सरकत पडद्याजवळ गेली. माणसांनी त्याला उचललं, नदीकडे नेलं. शेवटी पडद्यावर नुसती नावं आली.

"बाबू, ते उठले होते ना? ते कुठी आहे?"

अनुरागची मान खाली गेली. "काकू, सिनेमाला त्याची गरज नव्हती. पुसून टाकलं मी."

"मले होती ना रे!"

आणि मग बाई रडली. कोणी तिला उगी केलं नाही. बऱ्याच वेळानं तिनं पदरानं तोंड पुसलं.

"पुन्हा लाव. मिशा कापून राह्यले तिथून. तिरडी आली का बंद करजो."