खेळ शोधणारे जावई

आमचे जावई माझ्याशी दिवसाला तीन वाक्यं बोलतात. "आई, मान वर करा." "आई, डोळा मिटू नका." "आई, झालं." चौथं ऐकायचं असेल तर मला दुसरा डोळाही कापून घ्यावा लागेल. आणि हेच जावई सकाळी आठला कानाला ते यंत्र लावून बसले, की परक्या माणसांशी इतकं गोड बोलतात, जणू मत मागायला दारात उभे आहेत. "नमस्कार, मी आपली काय मदत करू शकतो?" अहो, घरात एक बाई डोळ्याला प्लास्टिकची वाटी चिकटवून बसली आहे, तिला आधी विचारा की!

मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं आणि धाकटी लेक मला तिच्या घरी घेऊन आली. वाकायचं नाही, टीव्ही बघायचा नाही, डोक्यावरून पाणी घ्यायचं नाही, दर चार तासांनी थेंब. घर दोन खोल्यांचं. आतल्या खोलीला खिडकी नाही, म्हणून माझी खुर्ची दिवसभर बाहेरच्या खोलीत, आणि तिथेच तीन हातांवर जावयांचं टेबल. लेक जाते शाळेच्या ऑफिसात, मी राहते जावयांच्या ऑफिसात.

त्यांचं काम मी ऐकून ऐकूनच शिकले. माणसं कॉम्प्युटरवर खेळायचे खेळ विकत घेतात. ते काही खोक्यात येत नाहीत. पडद्यावरच एक कपाट असतं आणि त्यात ते ओळीनं मांडलेले दिसतात. एक दिवस माणूस कपाट उघडतो आणि खेळ गायब. मग तो आमच्या जावयांना फोन करतो आणि जावई ते शोधून देतात. त्रेचाळीस वर्षांचा बाप्या! शेजारीण विचारते, "जावई काय करतात हो?" मी म्हणते, "कॉम्प्युटरमध्ये आहेत." याच्या पुढचं कोणत्या तोंडानं सांगू?

मी शिकले तिसरीपर्यंत. पण चौतीस वर्षं मोठ्या दवाखान्याच्या लाँड्रीत काढली आणि त्यातली बावीस कपड्यांच्या खोलीची मुख्य म्हणून. चादरी, अभ्रे, ऑपरेशनचे हिरवे डगले, रोजचे दोन हजार नग माझ्या हाताखालून जायचे. मोठमोठे सर्जन दारात उभे राहून "बाई, डगला मिळेल का?" म्हणायचे. तेव्हा कोण कामाचा आणि कोण नुसता इस्त्रीचा, हे मला कळतं. जावयांचं माप मी लग्नाच्या आधीच घेतलं होतं. तेव्हा ते छापखान्यात होते, पुस्तकं छापायच्या आधी त्यातल्या चुका शोधायचे. छापखाना बंद पडला. दोन वर्षं घरी बसले. मग हे.

त्या दिवशी सकाळी लेक चपला घालता घालता माझ्या खुर्चीपाशी आली.

"आई, आज यांच्या चाचणीचा शेवटचा दिवस आहे. यांच्या वरच्या मॅडम आज सगळे फोन मोजणार आहेत. बारा मिनिटांच्या वर एकही फोन जाता कामा नये, तरच नोकरी कायम व्हायचं पत्र. तेव्हा आज तू मध्ये तोंड घालायचं नाहीस."

"मी कधी घालते?"

"काल त्या माणसाला तू इथून ओरडून सांगितलंस, खेळ गेले तर गेले, पुस्तक वाच म्हणून."

"मग काय चूक सांगितलं?"

"आई!"

"बरं बाई. डोळा झाकलाच आहे, तोंडही झाकते."

सकाळचं सगळं मार्गी लागलं. एका बाईंनी कपाटाला चुकून चाळणी लावून ठेवली होती, म्हणून निम्मे खेळ दिसत नव्हते. चार मिनिटं. एकाची बाहेरून जोडायची डबी निसटली होती, सगळे खेळ तिच्यात. सहा मिनिटं. पडद्याच्या कोपऱ्यात एक घड्याळ असतं, फोन लागला की पळायला लागतं. दहापर्यंत हिरवं, मग पिवळं, बारानंतर लाल. माझा चांगला डोळा त्या घड्याळावरच होता. टेबलावर एक कागदही चिकटवलेला असतो, काय काय विचारायचं त्याचा. शेवटची ओळ मला लेकीनं वाचून दाखवली होती : काहीच सापडलं नाही तर चोवीस तास थांबायला सांगा आणि फोन ठेवा.

सव्वाअकराला एक फोन आला. समोरचा काय बोलतो ते मला ऐकू येत नाही, पण जावयांना शिकवलेलंच आहे की गिऱ्हाइकाचं बोलणं पुन्हा म्हणून दाखवायचं. पोपटपंची म्हणते मी त्याला. त्या दिवशी तीच माझ्या उपयोगाला आली.

"म्हणजे आपण म्हणताय, की कपाटात बासष्ट खेळ होते आणि आता तीनच दिसतायत." थांबले. "म्हणजे आपण म्हणताय, की याआधी पाच वेळा फोन केला आणि पाचही वेळा मशीन बंद करून चालू करायला सांगितलं." पुन्हा थांबले. "म्हणजे आपण क्रेन चालवायचात. उंचावरून पडलात. पाठ गेली. चार वर्षं अंथरुणावर."

आता क्रेनचा आणि खेळाचा काय संबंध, असं माझ्या मनात आलं. इतक्यात जावई वेगळ्याच आवाजात म्हणाले, "हो. मग चालणं-फिरणं काय ते या खेळांतच. कळलं मला." हे वाक्य शिकवलेलं नव्हतं.

चाळणी बघितली, नव्हती. खेळ लपवून ठेवले असतील म्हणून ते बघितलं, नव्हते. नाव तेच का? तेच. चित्र तेच का? तेच, पिवळी क्रेन. घड्याळ पिवळं झालं. जावयांनी त्या कागदाच्या शेवटच्या ओळीकडे बघितलं. मी म्हटलं, आता म्हणणार चोवीस तास. त्यांनी कागद सोडवला आणि पालथा घातला.

"साहेब, काय नाही ते राहू द्या. काय आहे ते मला वाचून दाखवा. पडद्यावर सगळ्यात खाली जी ओळ आहे तिथून सुरू करा आणि वर या. एकही शब्द गाळू नका."

मी खुर्चीत ताठ बसले.

छापखान्यात हे असेच वाचायचे, शेवटच्या ओळीकडून उलटे, असं लेकीनं एकदा कौतुकानं सांगितलं होतं आणि मी नाक मुरडलं होतं. पण मला आठवलं ते वेगळंच. एकदा सात नंबरच्या वॉर्डाच्या चाळीस चादरी गेल्या. अख्खा दवाखाना चादरी शोधत होता, चोर कोण म्हणून बोटं दाखवली जात होती. मी एकटी बसून जिथे काही गेलं नव्हतं तिथलं मोजत होते. बाळंतिणींच्या वॉर्डात पंचवीस खाटांना पन्नासच्या जागी नव्वद चादरी निघाल्या. जे नाही ते कुणालाच दिसत नाही. जास्तीचं मात्र दिसतं, बघणारा पाहिजे. हे मला कुणी शिकवलं नाही आणि मीही हाताखालच्या एकीला शिकवू शकले नाही. सांगितलं की माना डोलवायच्या आणि पुन्हा चोर शोधायला पळायच्या.

इकडे जावई म्हणत होते, "भाषा. बरं. आवाज. बरं. मित्र, एक. कोण आहे मित्र?" मग त्यांचा हात टेबलावर थांबला. "पुन्हा सांगा, साहेब."

घड्याळ लाल.

"म्हणजे आपण म्हणताय, की आपल्या मित्रांच्या यादीत एकच माणूस आहे, आणि तो आपणच आहात."

मला हसू आवरेना. पदर तोंडात धरला. जावई हसले नाहीत.

"त्याचंही चित्र पिवळी क्रेन? शेवटचा कधी आला होता तो? एकोणीस दिवसांपूर्वी. आणि हे मशीन नवं आहे का? कधी आणलंत?" तेव्हाच, हे उत्तर मला त्यांच्या खांद्यांवरूनच कळलं. सकाळपासून वर ओढलेले खांदे खाली आले.

झालं होतं असं. नवं मशीन त्याच्या बायकोनं मांडून दिलं होतं. कपाटात शिरायचं त्याचं जुनं दार ईमेलचं होतं. तिनं मोबाइलचा नंबर टाकला, तर मशीननं नवंकोरं कपाट उघडून दिलं, वर तीन खेळ फुकट. नवऱ्याला परकं वाटू नये म्हणून त्या माउलीनं नाव तेच ठेवलं, चित्र तेच लावलं. मशीननं विचारलं, या माणसाला ओळखता का? तिनं म्हटलं, ओळखते की! नवरा माझा. झाला तो स्वतःचाच मित्र.

"खेळ कुठेही गेले नाहीत, साहेब," जावई म्हणाले. "तुम्ही दुसऱ्या दारातून आत आलात, एवढंच."

पण जुनं दार उघडायला एक आकडा लागतो आणि तो जातो ईमेलवर, आणि ते ईमेल उघडतं बायकोच्या मोबाइलवर. बायको शहरातली बस चालवते. गाडी चालवताना फोन बंद. शेवटच्या थांब्यावर पोचायला अर्धा तास.

आता कुणीही शहाण्या माणसानं काय केलं असतं? "मग पुन्हा फोन करा," म्हणून ठेवला असता. पण इथून उलटा फोन लावायची सोय नाही, आणि त्यानं पुन्हा केला तर तो दुसऱ्याच कुणाकडे जाणार, आणि ते पुन्हा बंद करून चालू करायला सांगणार. शिवाय दोन मिनिटं कुणी बोललं नाही तर फोन आपोआप तुटतो, हे मंगळवारी मी बघितलं होतं. म्हणजे अर्धा तास बोलत राहायचं. आणि बोलणार कोण, तर आमचे जावई!

बोलले हो. सर्वांत उंच क्रेन किती उंच, वारा सुटला की काय करायचात, जेवायला खाली उतरायचात की वरच डबा न्यायचात, सगळं विचारलं. नेमकी तेव्हाच माझ्या थेंबांची घंटी वाजली. मी हातानं नको-नको केलं. ते तसेच उठले, कानाला यंत्र, हातात बाटली. दोन बोटांनी माझी हनुवटी वर केली आणि बोलत राहिले, "मग वरून खालची माणसं केवढी दिसतात हो?" थेंब बरोबर डोळ्यात पडला. गालावर ओघळसुद्धा आला नाही.

मी दबक्या आवाजात म्हटलं, "जावईबापू, मॅडमना सांगा म्हातारी पडली. मी हवी तर खरंच पडते." त्यांनी मान हलवली. नाही.

शेवटी आकडा आला. जावयांनी तो टाकून घेतला आणि म्हणाले, "आता मोजा, साहेब. घाई नको." मग मीही खुर्चीत बसून मनात मोजायला लागले. "बासष्ट," जावई म्हणाले. त्यानंतर तो क्रेनवाला काहीतरी बोलला. बराच वेळ बोलला. तेवढं मात्र जावयांनी पुन्हा म्हणून दाखवलं नाही. "ठेवतो, साहेब," एवढंच म्हणाले.

एक्कावन्न मिनिटं.

मॅडमचा फोन लगेच आला. आवाज असा खणखणीत, की मला सगळं ऐकू आलं.

"एक्कावन्न? आजच्या दिवशी? अहो, आज सकाळी तुमच्या नावाचं पत्र टाइप करून ठेवलंय मी!"

"हो, मॅडम."

"घरी काही झालं होतं का? सासूबाई आजारी आहेत ना? की लाइन गेली होती? तसं लिहिता येईल मला. तुम्ही फक्त हो म्हणा."

मी खुर्चीतून जोरजोरात मान हलवत होते, हो म्हणा, हो म्हणा. वाकायला बंदी होती, मान हलवायला नव्हती.

"नाही, मॅडम. लाइन चालू होती आणि घरी सगळं ठीक आहे. कामच तेवढं होतं."

मॅडम म्हणाल्या, "मग पत्र नाही निघणार. आणखी तीन महिने चाचणीवरच."

"चालेल, मॅडम."

फोन ठेवला. पालथा कागद उचलून पुन्हा होता तिथे चिकटवला, चारही कोपरे अंगठ्यानं दाबले. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "आई, हिला संध्याकाळी मीच सांगतो. तिनं पत्राची फार वाट बघितलीये."

चौथं वाक्य. पाचवंसुद्धा.

"सांगा," मी म्हटलं. "आणि ती बोलायला लागली, की मी आहे इथे. तिला बोलायला मीच शिकवलंय, गप्प बसवायलाही मलाच येतं."

ते कसनुसं हसले आणि कानाचं यंत्र उचलायला लागले.

"थांबा, जावईबापू. ते यंत्र जरा खाली ठेवा. माझ्या कपड्यांच्या खोलीत बावीस वर्षांत नऊ जणी हाताखाली आल्या. एकीच्याही हातात मी खोलीची किल्ली दिली नाही, रजेवर जातानासुद्धा कमरेला लावून घरी नेली. लेक दिली ती तिनं हट्ट धरला म्हणून दिली, माझ्या मनात नव्हतं, हे तुम्हालाही ठाऊक आहे. पण किल्ली तुम्हाला मी आपणहून दिली असती."