‘पर्यंत’चा कोरा रकाना

मित्रांनो, मी सागाच्या फळीचा एक जुना नामफलक आहे. पांढुर्णा-सौंसर भागातल्या एका तहसील कचेरीत, साहेबांच्या दाराशेजारी टांगलेला असतो. कोणत्या कचेरीत ते सांगत नाही, उगाच माझीच चौकशी लागायची! माझ्या अंगावर आजवरच्या तहसीलदारांची नावं आहेत आणि प्रत्येक नावापुढे दोन रकाने आहेत: कधीपासून आणि कधीपर्यंत.

मला रंगवलं रामाजी पेंटरने. तेव्हा तो तिशीतला होता. नवा साहेब रुजू झाला की त्याच दिवशी रामाजी रंगाचा डबा घेऊन हजर. आधी जुन्या साहेबाच्या ‘पर्यंत’मध्ये तारीख घालायची, मग खाली नवं नाव. येणारे-जाणारे थांबून म्हणायचे, "काय वळण हाय हाताले!" मला केवढा अभिमान वाटायचा.

पुढे त्याची नजर अधू झाली. ब्रश ठेवून तो तिगावजवळच्या आपल्या संत्र्याच्या बागेत रमला. मला मात्र कुणी विचारेना. एक साहेब गेले, दुसरे आले, माझ्यावर नुसती जळमटं चढली.

मग एक दिवस रामाजी आला, तो हातात कागद घेऊन. पाट्या रंगवायला त्याने कधीकाळी बागेच्या कडेला टिनाचं शेड घातलं होतं. तेवढ्यावरून सगळी बाग खसऱ्यात, म्हणजे जमिनीच्या सरकारी नोंदीत, दुकानाची जमीन म्हणून चढली होती. दुकानाचा कर लागला आणि शेती नाही म्हणून पंपाची वीजही गेली. रामाजी जबलपूरच्या हायकोर्टापर्यंत लढला आणि जिंकला. कर रद्द करा, नोंद सुधारा, तीन महिन्यांत करा, असा हुकूम झाला. तोच कागद त्याने कचेरीत दिला, पण कचेरी ढिम्म हलली नाही.

"बाबू, झाडं वाळून राहिले न!" तो दर खेपेला सांगायचा.

"साहेब मीटिंगमध्ये हायेत," कचेरीतला कारकून हेमराज बाबू वर न पाहता म्हणायचा.

असे कित्येक महिने गेले. शेवटी वकिलाने सांगितलं, कोर्टाच्या अवमानाचा अर्ज टाकू. पण तो खुर्चीवर टाकता येत नाही, माणसावर टाकावा लागतो. साहेबाचं नाव आणा.

रामाजी मुलीला, उर्वशीला, घेऊन माझ्यासमोर उभा राहिला.

"बाबा, बाबूले एकदा विचारून घ्या न," ती म्हणाली.

"काहून विचारू? हा फलक माह्या हातचा हाय. तो खोटं बोलन काय?"

माझ्यावरच्या शेवटच्या नावापुढे ‘पर्यंत’ कोरा होता. म्हणजे साहेब अजून इथेच, असं त्याने धरलं आणि ते नाव उतरवून घेतलं. मित्रांनो, तो साहेब हुकूम येण्याआधीच बदलून गेला होता! मी लाकूड, ओरडणार कसा?

नोटीस भलत्याच गावी गेली. त्या साहेबाने उत्तर दिलं, मी तेव्हा तिथे नव्हतो. ते खरंच होतं. योग्य नाव कळेपर्यंत अवमानाच्या अर्जाची वर्षाची मुदत उलटली. ज्याने हुकूम दाबून ठेवला, त्याला कुणी जाब विचारला नाही. त्याचीही बदली झाली. वकील म्हणाला, आता पुन्हा पहिल्यापासून दाद मागू. तोवर बागेत सरपण उरलं होतं.

परवा रामाजी आला. डबा आणि ब्रश घेऊन. हेमराज बाबूने त्याला अडवलं नाही. मान खाली घालून तारखा सांगितल्या. उर्वशीने स्टूल धरलं.

"आता काय कामाचं, बाबा? झाडं त गेली."

"आपली गेली. दुसऱ्याची तरी राहतीन."

त्याने राहिलेली तारीख भरली, खाली दोन नावं लिहिली. अक्षरं वाकडी आली. ती वाकडी अक्षरं पाहून आलं तेवढं रडू मला कधी आलं नव्हतं.

मित्रांनो, माझी धूळ नाही पुसली तरी चालेल. पण खुर्चीत कोण बसलं आहे, ते माझ्यावर वेळेवर लिहीत जा. आत्ताच्या साहेबापुढे ‘पर्यंत’ कोरा आहे. त्यांची बदली होईल, तेव्हा तो भरायला रामाजी नसेल.