पोटाला बांधलेला थिरा

मी थिरा. नाव ऐकलं नसेल तर त्यात तुमचा दोष नाही, आता माझ्यासारखे फारसे उरलेच नाहीत. दिसायला काळा, मूठभर, पण वजनाला भलताच जड असा गोटा आहे मी. देखणा नाही, कामाचा आहे. हे मीच सांगतो, कारण माझी शिफारस करायला इथे दुसरं कोणी बसलेलं नाही.

माझं काम कळायला आधी आमचा मुलूख कळायला हवा. धानोऱ्यापलीकडच्या जंगलात वेळ सुटतो. दावं तोडलेल्या बैलासारखा सुटतो. बाई चुलीवर भात ठेवते आणि वळून बघते तर त्याला बुरशी आलेली असते. माणूस तळ्यावर आंघोळीला जातो आणि परततो तेव्हा घरच्यांनी चार दिवस त्याला शोधलेलं असतं. इथल्या लोकांना याचं नवल नाही. यंदा वेळ फार सुटला, असं ते हवापाण्यावर बोलावं तसं बोलतात. मी असेन तिथे मात्र, हाकेच्या टप्प्यात, वेळ सरळ चालतो.

डोंगराच्या पोटात आम्ही पुष्कळ होतो. मग खणणारे आले. माझी थोरली भावंडं ट्रकांत भरून वरोऱ्याच्या वाटेने मोठ्या शहरांकडे गेली. मी धक्क्याने रस्त्यावर पडलो, आणि माझ्यासाठी कोणी ट्रक थांबवला नाही.

सोमारीबाईने मला उचललं ते चटई उडू नये म्हणून. चटईवर मोहफुलं वाळत घातलेली होती. हाकेपलीकडच्या शेजारणीची फुलं क्षणात काळी पडली, हिची चार दिवसांत नीट वाळली, तेव्हा कुठे तिने मला धुऊनपुसून बघितलं. तोवर मी तिच्या कोंबड्यांचा बसायचा दगड होतो. तेव्हापासून दरसाल मोहाच्या हंगामात ती मला टोपलीत घालून झाडाखाली न्यायची.

तिच्या सुनेचं, इतवारीचं, पहिलं बाळंतपण अशाच एका हंगामात आलं. कळा सुरू झाल्या आणि घरातला वेळ सुटला. रात्रभराच्या कळा पोरीच्या अंगावरून एका दमात गेल्या. बाळ आलं ते श्वास न घेताच. मी त्या वेळी मोहाखाली होतो. हे सांगताना मला आजही बरं वाटत नाही.

दुसऱ्या खेपेला सातवा महिना लागला तेव्हा सोमारीबाईने जुन्या लुगड्याची पट्टी फाडली आणि मला सुनेच्या पोटाला घट्ट बांधलं. आंघोळीलाही सोडायचं नाही, अशी ताकीद. इतवारीची कंबर दुखायची, पण तीही घाबरलेलीच होती. तिने मुकाट्याने सोसलं.

काय घडतंय ते सगळ्यांत आधी मला कळलं. थोडं लांब ठेवलं तर माझ्यामुळे वेळ सरळ चालतो, पण अंगाला चिकटवलं तर तो चालतच नाही. माझ्याखाली त्या बाळाने एकदा पाय उचलला. लाथ मारायला उचललेला तो पाय तसाच राहिला. आज लागेल, उद्या लागेल, म्हणून मी वाट पाहत होतो. मला तोंड असतं तर मी गाव गोळा केला असता.

संघप्रिया ही उपकेंद्रातली सिस्टर. मूळची वरोऱ्याची, पण दोन हंगाम तिने इथल्या बायकांसोबत जंगल पायी तुडवलं होतं. तिने इतवारीच्या पोटाला फीत लावली. माप गेल्या महिन्याइतकंच. पुढच्या महिन्यात परत लावली, तरी तेवढंच. मग तिची नजर पट्टीवर गेली. तिने सोडायला सांगितलं, समजावलं, रागावूनही पाहिलं. सोमारीबाई पट्टीवर हात दाबून बसली. सोडला तर हेही पहिल्यासारखंच निसटून जाईल, एवढंच ती म्हणत राहिली.

संघप्रिया मग ओसरीवर बसली. काळा चहा आला, तो तिने प्यायला. कप खाली ठेवून विचारलं, "सोमारीबाई, मोहाखाली हा गोटा कुठी ठेवता तुमी?"

"सावलीच्या कडेले."

"बुडाशी काऊन नाई?"

"बुडाशी ठेवला तर फूल फांदीलेच चिकटून राह्यते. पडतच नाई..." बोलता बोलता सोमारीबाईचा हात तोंडाशी गेला. ती सुनेकडे वळली. मग म्हणाली, "मीच अडकवून ठेवलं का वो त्याले?"

संघप्रियाने होकाराची मान हलवली. पट्टी एकदम सोडायची तिचीही छाती होत नव्हती, कारण साचलेला वेळ एकदम अंगावर आला तर काय, हे कोणालाच ठाऊक नव्हतं. तोड सोमारीबाईनेच काढली. रोज एक पाऊल लांब.

पहिल्या दिवशी मला खाटेपासून एक पाऊल दूर ठेवलं आणि त्या बाळाची लाथ बसली. इतवारी हसली आणि रडलीही. मग दाराशी, अंगणात, कुंपणाकडे, असा मी सरकत गेलो, आणि साचलेला वेळ बाळाला थोडाथोडा मिळत गेला. सोमारीबाई त्या साली मोह वेचायला गेली नाही. तिच्या झाडांची फुलं जागच्या जागी सडली, पण ती बघायलाही फिरकली नाही.

एकेचाळिसाव्या पावलावर, भर सकाळी, कळा सुरू झाल्या. कळांना लागतो तेवढाच वेळ लागला. इतवारीने सासूला मोकळेपणाने शिव्या दिल्या आणि सासूने त्या ऐकून घेतल्या. मग भिंतीपलीकडून रडणं ऐकू आलं. मुलगी झाली होती.

आता मी उपकेंद्राच्या आवारात असतो, बाळंतपणाच्या खोलीपासून एकेचाळीस पावलांवर. भोवती चुन्याची रेघ आहे. ती मुलगी, दिव्यानी, तीन वर्षांची झाली. आईबरोबर आली की ती रेघ ओलांडून थेट माझ्याकडे धावते आणि मला पोटाशी धरून बसते. इतवारी धापा टाकत येते आणि तिला ओढून नेते. पोर हातपाय आपटून रडते.

तिचं वजन जरा अजून अंगावर राहावं, असं मला वाटतं. का वाटू नये? पण ती मला धरून बसते तेवढा वेळ ती वाढत नाही. म्हणून तुम्हीही कधी इकडे आलात आणि ती माझ्यापाशी दिसली, तर तिचं रडणं मनावर घेऊ नका. माझंही घेऊ नका. तिला उचला आणि घेऊन जा.