अपूर्वाताईंचं सुधारक हळदीकुंकू

अरुणानं एवढा मोठा बंगला उभ्या जन्मात आतून पाहिला नव्हता. तीन मजले, आणि वर-खाली करायला चक्क लिफ्ट! दिवाणखान्यात पन्नासेक पैठण्या एकमेकींच्या पदरांची किंमत नजरेनंच करत बसलेल्या. मालकीणबाई अपूर्वाताई स्वतः दारापर्यंत आल्या आणि हात धरून तिला पहिल्या रांगेत बसवलं. अरुणाचा नवरा त्यांच्याच कागलच्या कारखान्यात फोरमन होता. तो गेल्यापासून दोन संक्रांती झाल्या, तिच्या कपाळाला कुणी बोट लावलं नव्हतं; सख्ख्या जावेनंही नाही. आज एवढी मोठी बाई लावणार, या विचारानंच तिला भरून येत होतं.

अपूर्वाताईंनी माईक घेतला. "विधवा आणि सवाष्ण हा भेद आमच्या घरात नाही. आज पहिलं कुंकू अरुणाला!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. डोळे टिपले गेले, तेही काजळ सांभाळून. देवमाणसं म्हणतात ती हीच, असं अरुणाला वाटलं.

चांदीचा करंडा आला. फोटोवाला सरसावला. ताईंचं कुंकवाचं बोट अरुणाच्या कपाळाजवळ आलं आणि तांदळाएवढ्या अंतरावर थांबलं. फ्लॅश उडाला. "आला ना नीट?" असं विचारत ताईंनी बोट रुमालाला पुसलं.

अरुणा भोळीच. तिला वाटलं, गडबडीत राहून गेलं असेल. रीतीप्रमाणे उलट कुंकू लावायला तिनं करंड्यात बोट बुडवलं आणि ताईंच्या कपाळाकडं नेलं. ताई झटकन मागं सरल्या. "अगं, राहू दे, राहू दे! मला नको."

साऱ्या पैठण्या तिळगुळाच्या वाट्यांत बघू लागल्या. तेव्हा कुठं अरुणाला कळलं. लाल बोट कुठं पुसावं तेही तिला सुचेना.

तेवढ्यात कोपऱ्यातल्या खुर्चीवरून आक्का उठल्या. ताईंच्या सासूबाई, पंचवीस वर्षं विधवा, याच घरात राहणाऱ्या. त्यांच्यापुढं करंडा कुणी कधी नेलाच नव्हता.

"मला लाव की गं," त्या अरुणाला म्हणाल्या.

"आक्का, लोक बघताहेत," ताई कुजबुजल्या.

"बघू देत की. लोकांस्नी दाखवायलाच केलंयस न्हवं?"

अरुणानं त्यांना कुंकू लावलं. मग आक्कांनी चिमूटभर कुंकू घेतलं आणि तिच्या कपाळावर अंगठ्यानं चांगलं दाबून लावलं. अरुणा डोळे विस्फारून त्यांच्याकडं बघत राहिली. त्या बंगल्यात तिला आता आक्कांएवढं मोठं काहीच दिसत नव्हतं.