अय्यांची झाकली भाषा

ही गोष्ट २०१९ सालची. तमिळनाडूत, पापनाशमजवळच्या एका गावचं पंचायत अध्यक्षपद त्या वर्षी दलित बाईसाठी राखीव झालं, आणि अनिरुद्धरावांच्या घरात कुणाला जेवण गोड लागेना. आजवर गावचा कारभार या मराठी घराण्याच्या ओसरीवरूनच चालत आलेला.

मग एका सकाळी रावांना युक्ती सुचली. समोरच्या गोठ्यात दलित वस्तीतली अंजलै शेण भरत होती.

"अगो, हिलाच उभी करू," ते बायकोला, चंद्रमतीबाईंना म्हणाले. "खुर्ची तीस, कारभार मज. पाण्याची टाकी मंजूर होत्ये, ती आपल्या नारळीच्या बागेशी बांधवून घेऊ. तीस काय कळतंय?"

हे सगळं मराठीत, आणि खणखणीत आवाजात. तंजावरकडच्या मराठी घरांची ही जुनी खोड. बाहेर तमिळ, घरात मराठी, आणि गड्यामाणसांपासून काही झाकायचं असलं तर हटकून मराठी. जणू तोंडापुढे पडदाच ओढला!

अंजलै लग्न होऊन आली तेव्हापासून त्या गोठ्यात राबत होती. घरातली भांडणं, सोयरिकी, पोटाची पथ्यं, सगळं ऐकत तिचे केस पिकायला लागले होते. मराठी तिला पुरती कळायची. सांगितलं मात्र कुणाला नाही. फुकटचं नाटक आपल्या हाताने कोण बंद पाडेल?

टाकीचं ऐकलं आणि तिचा हात थबकला. तिच्या वस्तीत नळ नव्हता. बायांना वरच्या आळीच्या नळावर जावं लागे, आणि तिथल्यांच्या घागरी भरून मन भरलं की मग यांची पाळी.

रावांनी तिला हाक मारून आयुष्यात पहिल्यांदा पुढल्या दारी कापी, म्हणजे कॉफी, दिली आणि निवडणुकीला उभी राहा म्हणाले.

"अय्या, मला त्यातलं काय समजतं?" ती खाली बघत तमिळमध्ये म्हणाली. गडीमाणसं रावांना 'अय्या', म्हणजे मालक, म्हणत.

"तू नुसती सही कर. मी आहे ना!"

"मग बरं अय्या. तुम्ही म्हणाल तसं." एवढं बोलून ती विहिरीआड गेली आणि तोंडात पदर कोंबून पोट दुखेस्तोवर हसली.

राव तिच्यासाठी दारोदार हात जोडत फिरले. ते बघायला लोक भाताची खाचरं सोडून बांधावर येत. अंजलै दणक्यात निवडून आली.

पुढच्या सव्वीस जानेवारीला शाळेच्या आवारात ग्रामसभा भरली. राव पुढच्या खुर्चीत, शेजारी बायको आणि मुलगा रघुराम. पंचायतीचा कारकून ठराव वाचू लागला, की टाकी नारळीच्या बागेजवळ बांधावी. राव मुलाला मराठीत म्हणाले, "सही होऊ दे. मग एक साडी फेकू हिच्या अंगावर." आवाज नेहमीचाच.

अंजलै उठली. "थांबा. अय्या आत्ता काय म्हणाले ते साऱ्यांना कळू दे." आणि तिने ते तमिळमध्ये सांगितलं, रावांच्याच हेलात.

साऱ्या माना रावांकडे वळल्या.

"खोटं बोलत्ये ही!" राव मराठीत गरजले.

"अय्या म्हणतात, मी खोटं बोलते."

"रघुराम, गाडी काढ!"

"मुलाला गाडी काढायला सांगतायत."

आता आवारभर हसू उसळलं. राव बायकोकडे वळले. "हिला मराठी कोण्ही शिकवली?"

"तुम्हीच की, ओरडून ओरडून," चंद्रमतीबाई म्हणाल्या. "मज केव्हाचं ठाऊक. मी तुम्हांस गप्प केलं की गोठ्यात हसू फुटायचं."

"अम्मा काय म्हणाल्या?" मागून एक बाई ओरडली.

"ते घरातलं आहे," अंजलै म्हणाली. मग कारकुनाकडे वळली. "ठराव बदला. टाकी आमच्या वस्तीत. कुणाकुणाला पटतं, हात वर करा."

वस्तीचे सगळे हात वर गेले. वरच्या आळीतलेही काही गेले, आणि त्यांत बांगड्या भरलेला एक पहिल्या रांगेतला होता.

टाकी वस्तीत उभी राहिली. उन्हाळ्यात वरच्या आळीचा नळ आटला की तिथल्या बायाही तिकडेच जातात. पाळी मात्र आल्या क्रमाने. रघुराम चेन्नईला नोकरीला लागला. अनिरुद्धराव त्याच्याकडे राहायला गेले. लिफ्टमध्ये कुणी अनोळखी असलं तर तोंड उघडत नाहीत, असं सून सांगते. चंद्रमतीबाई गेल्या नाहीत. त्यांना गाव सोडवेना. अंजलैची मुदत २०२५ च्या जानेवारीत संपली. आता वस्तीच्या स्मशानाच्या वाटेसाठी ती तंजावरच्या कचेरीत खेपा घालते, आणि पुढच्या वेळी राखीव नसलेल्या जागेवरून उभी राहायचं म्हणते. सूचक म्हणून चंद्रमतीबाई आपणहून तयार आहेत. हल्ली अंजलैची भाषणं फार लांबतात, एवढीच त्यांची तक्रार.