सावडीचा अर्धा दिवस

पांढरा, नखाएवढा तुकडा. एका अंगाला सागाच्या फळीवर असतात तशा तपकिरी रेषा, अगदी गाठीसकट, आणि उलटा केला की नुसती भाजलेली पांढरी माती. हौसानं अंगठ्यानं त्याच्यावरचा चिखल पुसला आणि तो उजेडाकडे धरला. मातीचं लाकूड! म्हणजे डोंगर बोडके करून भागलं नाही, आता माती भाजून तिला लाकडाचं सोंग द्यायचं, सोंग नीट वठलं नाही की फोडायचं, आणि फोडून टाकायचं कुठं, तर हौसाच्या मळ्यात... तिनं तो लादीचा तुकडा बांधावरच्या बादलीत फेकला. बादली निम्मी भरली होती आणि लावणी अजून चार हातही पुढं सरकली नव्हती.

डाव्या हातानं चिखल चाचपायचा, लागेल ते वेचायचं, मग उजव्या हातानं रोप खोचायचं — अशानं मळा कधी लावून होणार? गणपतीत? रोपं म्हातारी व्हायला लागली होती, शेंडे पिवळे पडत होते. पण पर्याय नव्हता. चिखलात डोळ्यांचा उपयोग नसतो, तिथं पाय बघतात. कुठं खोल आहे, कुठं खालचा कातळ वर आलाय, कुठं खेकड्याचं बीळ आहे, हे हौसाच्या पायांना लग्न होऊन आल्यापासून पाठ होतं, आणि आता त्याच पायांना पुढं पडायची भीती वाटत होती. नवऱ्याचे, भिकूचे गमबूट घालून तिनं काल बघितलं. बूट चिखलातच राहिला आणि पाय मोकळा वर आला. हसू आलं असतं, सोबतीला कुणी असतं तर.

सोबतीला कुणी नव्हतं. दरसाल या मळ्यात बायकांची अख्खी रांग वाकलेली असायची, गाणी नसली तरी चहाड्या तर असायच्याच, आणि मळा कधी हिरवा झाला ते कळायचंही नाही. सावड म्हणजे सरळ व्यवहार — आज तू माझ्याकडे राब, उद्या मी तुझ्याकडे, पैशाचं नाव नाही. यंदा हौसा सगळ्यांकडे राबून आली. तिची पाळी आली, पहिल्याच दिवशी मळ्यात रांगेतल्या काशीचा पाय कापला, आणि मग एकीच्या कमरेत उसण भरली, एकीकडे पाहुणे आले, एकीचं पोर तापलं. तोंडावर नाही म्हणायला कुणालाच जमलं नाही. नाही म्हणाल्या असत्या तर बरं झालं असतं, भांडता तरी आलं असतं. पण भांडायचं कशावर? काशीचा पाय सगळ्यांनीच बघितला होता.

आणि हे दुखणं काही आभाळातून पडलं नव्हतं. घरापर्यंत रिक्षा यावी ही भिकूची हौस. मुंबईहून शिमग्याला आला की पायवाटेवरून बॅगा वाहताना त्याची चिडचिड व्हायची. कुणीतरी सांगितलं, वरच्या सड्यावरची, कातळाच्या माळावरची टाइल्सची कंपनी फुटका माल फुकट देते, भरावाला उत्तम. फुकट ते पौष्टिक! भिकू कंपनीच्या गेटवर दोन दिवस ताटकळला, कुणा साहेबाला हात जोडले, आणि पहिला डंपर मळ्याच्या कडेनं आला तेव्हा त्याच्या चाकाखाली नारळ ठेवला. वाडी बघायला लोटली होती. पांढऱ्या, निळ्या, फुलाफुलांच्या तुकड्यांची वाट बांधावरून घरापर्यंत गेली — ऊन पडलं की अशी चमकायची की बघवत नसे. पंधरवड्यात निम्म्या वाडीनं भराव मागितला. मग त्याच कंपनीत कामाला असलेल्या लेकीनं, तेजलनं, एकदा जेवता जेवता सहज सांगितलं की हा माल लांब नेऊन टाकायचा तर कंपनीला डिझेल पडतं, दळून परत वापरायचा तर त्याहून जास्त पडतं, कारण एकदा भाजली की ती परत माती होत नाही... म्हणजे भिकूनं ज्यांना हात जोडले त्यांचंच काम भिकूनं फुकटात करून दिलं, वर नारळ स्वतःचा! याला म्हणतात हात दाखवून अवलक्षण. आणि पावसाळा काय कुणाचा सगा आहे? दर पावसानं वाट थोडी थोडी मळ्यात उतरली.

हौसानं पाठ सरळ केली. कमरेत कळ आली. खालच्या अंगानं पऱ्या वाहत होता, पण पाणी म्हणावं असं त्यात काय होतं? ताक नुसतं. पूर्वी या दिवसांत चढणीचे मासे त्याच पाण्यातून उड्या मारत वर यायचे, पोरं टोपल्या घेऊन भिजायची. आता वर कंपनीत काय धुतात कोण जाणे, दगडांवरसुद्धा पांढरी साय धरते. तेजलला विचारलं की ती म्हणते, ते टाकीत निवळून सोडतात, आई, नियमाप्रमाणे. नियमाप्रमाणे! मासे मेले ते पण नियमाप्रमाणेच मेले असतील.

तेजल... तिच्याकडे विचार वळला की हौसाचा संताप जागच्या जागी अडखळायचा. पोरगी बारावी झाली आणि कंपनीत चिकटली. दिव्याखालून पट्ट्यावर लाद्या सरकत येतात, ती तिरक्या नजरेनं बघते, जिच्यात खोट दिसेल तिच्यावर खडूनं फुली. फुली मारलेली लादी पुढं फुटते. तिच्याइतकी बारीक खोट कुणाला दिसत नाही म्हणून कंपनीच्या फळ्यावर तिचा फोटो लागला, तेव्हा हौसानं वाडीत साखर वाटली. माझ्या पोरीचे डोळे! मी नऊ महिने पोटात वागवलेले डोळे — आणि ते जेवढे तीक्ष्ण, तेवढे माझ्या मळ्यात तुकडे जास्त. आपलेच दात आणि आपलेच ओठ. कुणाला सांगणार?

गणपती झाले की तिला कायम करणार होते. त्या एका शब्दावर घर उभं होतं. भिकूच्या पगारातून त्याची मुंबईची खोली आणि खाणावळ वजा केली की उरायचं ते सांगायचीही लाज. कायम झाली तर तेजल इथंच राहील, दहा बायांत मान वर करून चालेल, लग्नाचं कुणी बोलायला आलं तर तिला विचारून बोलेल. नाही झाली तर तीही जाईल बापाच्या मागं, कुठल्या तरी मॉलमध्ये दिवसभर उभी राहायला.

म्हणून सकाळी येसूबाई अंगणात आली तेव्हा हौसानं तिच्याकडे न बघता भांडी विसळायला घेतली होती. येसूबाई म्हणजे वाडीतली थोरली जाऊबाई म्हणावी अशी, जिचं सगळ्यांनी ऐकून घ्यायचं.

"आज दुपारी वळणावर बसायचं ठरलंय," येसूबाई म्हणाली. "डंपर अडवायचा. एक तुकडा खाली उतरू द्यायचा नाय. काशीचा पाय गेला, आता कुणाची वाट बघायची? तू येतंस ना?"

"माझा पाय दुखतोय."

"दाखव."

हौसानं पाय दाखवला नाही. येसूबाई जायला वळली. "तुझ्याच मळ्यात झालं गो ते," एवढं म्हणून गेली. ओरडली नाही, पण दिवसभर तेच कानात घुमत राहिलं.

आणि मागच्या दारात तेजल. कंपनीचा निळा कोट, हातात डबा, बस चुकेल म्हणून एक पाय उंबऱ्याबाहेर. "आई, तू जाऊ नकोस हां तिथं. सगळं मोबाइलवर काढतात, वर दाखवतात. साहेब कालच मला म्हणाले, तुमच्या गावातल्या बायकांना समजाव जरा." मग तिला वाटलं असावं की एवढ्यानं आईला पटणार नाही, म्हणून ती घाईघाईनं सगळं सांगत सुटली — गुजरातचा माल फुटामागं दोन रुपयांनी स्वस्त पडतो, गॅस महागलाय, भट्टी एकदा पेटली की विझवता येत नाही, विझवली तर आतल्या विटा तडकतात, म्हणून माल खपो न खपो ती पेटतीच ठेवावी लागते, त्यात हे लफडं झालं तर एक लाइन बंद करतील, आणि बंद केली तर आधी कंत्राटी पोरी घरी. "देशभर घरं बांधतायत, आई. लाद्या लागणारच. इथं नाही तर दुसरीकडं बनतील." खरंच तर होतं सगळं. भिकू डोंबिवलीला ज्या बिल्डिंगच्या दारावर खुर्ची टाकून बसतो, तिथं खालच्या मजल्यावर याच कंपनीच्या लाद्या आहेत, किती कौतुकानं फोन केला होता त्यानं, "आपल्या गावची लादी हाय गो हितं!" लोक त्यांच्यावरून बूट घालून जात असतील. कुणाचा पाय कापत नसेल. चांगल्या निघालेल्या लाद्या शहरात जातात, फुटक्या आमच्याकडे — एवढाच काय तो हिशेब, आणि तो समजायला बारावी कशाला पाहिजे?

जायचं नाही. ठरलं होतं. तरी दुपार कलायला लागली तशी हौसाची मूठ चालेना. वळणावर आता जमत असतील... तिनं हातपाय धुतले, घरी जाऊन उकड्या तांदळाची पेज डब्यात घेतली आणि काशीकडे निघाली. सिव्हिलमधून काशीला परवा घरी आणलं होतं आणि हौसानं अजून तोंड दाखवलं नव्हतं. आज गेलं की दोन कामं होतील, असंही मनात आलं — भेट होईल, आणि कुणी विचारलं तर सांगता येईल, मी काशीपाशी होते. स्वतःचा हा धूर्तपणा तिला कळला आणि ती स्वतःवरच खेकसली, "चल मेल्ये."

वाटेभर ती काशीच्या शिव्यांची तयारी करत होती. काशीचं तोंड तसं तिखट. त्या दिवशी मळ्यात पाय कापला तेव्हाही ती आधी हसलीच होती — "अगो, मासा चावला!" — आणि चिखलाचाच लेप देऊन परत वाकली होती. जेवणवेळेला पाय वर घेतला तेव्हा पाणी लाल झालेलं दिसलं. साखरेचं दुखणं जुनं, त्यात ताप, त्यात सूज. सिव्हिलला नेईपर्यंत दोन बोटं काळी पडलेली. ती बोटं तिथंच राहिली. हौसाला वाटत होतं, काशीनं चार शिव्या द्याव्यात. घरादाराचा उद्धार करावा. भिकूचा, त्या नारळाचा, तेजलच्या फोटोचा. मग आपण खाली मान घालू, रडू, आणि निदान देणं फिटल्यासारखं वाटेल.

काशी पडवीत वाकळेवर पडली होती. पाय उशीवर, पट्टीवर पिवळट डाग. डोळे तापानं चकाकत होते.

"आलीस?" ती म्हणाली. "बस गो. पेज कशाला आणलीस, हाय ना घरात." मग हौसा बसल्यावर, नजर छपराकडे लावून, "मळा झाला काय लावून?"

"होतोय."

"एकटीच लावतंस?"

हौसानं पेजेच्या डब्याचं झाकण उघडलं.

"माझ्या जिवाला लागून ऱ्हायलंय बघ," काशी म्हणाली. "तुझा दिवस मी अर्धाच केला. तू माझ्याकडे पुरा राबलीस, आणि मी जेवणवेळेला उठून आली. पाय बरा झाला की भरून देईन गो. यंदा नाय तर पुढल्या सालाला. तुझा अर्धा दिवस माझ्याकडे हाय."

हौसाला आधी समजलंच नाही ती काय बोलतेय. मग समजलं, आणि तिनं पदर तोंडात धरला. अर्धा दिवस! दोन बोटं माझ्या मळ्यात देऊन ही बया मला अर्धा दिवस देणं लागते! अगं, शिवी दे, थोबाडीत मार, म्हण की तुझ्या नवऱ्याच्या रिक्षेपायी मी लंगडी झाले — पण माफी मागू नकोस माझी... कुणीच कुणाचं देणं लागत नाही तिकडे वर, सगळं नियमाप्रमाणे, टाकीत निवळून. आणि इथं ही, तापात, अर्ध्या दिवसाची काळजी करत पडलीय. एवढं चांगलं असू नये माणसानं. अशाच चांगुलपणावर त्यांचे डंपर उतरतात. आणि आपल्या गप्प बसण्यावर.

तेवढ्यात खालून आवाज आला. आधी येसूबाईचा, मग बऱ्याच बायकांचा, एकात एक मिसळलेला, आणि मग डंपरचा हॉर्न. लांबलचक.

हौसा उभी राहिली. आपण कधी उठलो ते तिला कळलं नाही. सकाळपासून ठरवलेलं, तेजल, निळा कोट, कायम हा शब्द, सगळं जाग्यावरच होतं, काही पुसलं गेलं नव्हतं, आणि तरीही तिला त्या वळणावर जाऊन चाकासमोर बसायचं होतं. आयुष्यात एवढं काही हवंसं वाटलं नव्हतं.

"कुठं?" काशीनं विचारलं.

"आले."

काशीनं हात लांब करून तिचं मनगट धरलं. "जाऊ नको."

"काशी, सोड."

"गौरव हाय त्या गाडीवर." काशीचा थोरला मुलगा गेल्या दिवाळीपासून कंपनीच्या कंत्राटदाराकडे डंपर चालवत होता, हौसाला ते ठाऊक होतं, पण या क्षणी तिच्या ध्यानातच नव्हतं. "आज त्याचीच पाळी. येसूबाईला बघून नाय उतरणार तो, हॉर्न मारत बसेल. तुला बघितलं की गाडी बंद करून खाली उतरेल. काकी काकी करत वाढलाय तुझ्या ओट्यावर. उतरला की काम गेलं त्याचं. माझं औषधपाणी त्याच्यावर हाय गो. बस. माझ्यासाठी बस."

हौसा खाली बसली. काशीनं मनगट सोडलं नाही.

सकाळी हीच परवानगी तिला हवी होती. जिचा पाय गेला तीच सांगतेय, जाऊ नको — आता कुणाच्या बापाची टाप आहे बोलायची? येसूबाईला सांगता येईल, तेजलला सांगायचीही गरज नाही. सगळं सोयीचं झालं होतं. आणि तोंडात कडू पाणी सुटलं होतं.

काशीचा हात तापलेला होता, हलका, घामानं ओला. जरासं मनगट फिरवलं असतं तरी सुटला असता. हौसाला ते कळत होतं. काशीलाही कळत असणार. खाली हॉर्न परत वाजला, बायकांचा आवाज चढला, आणि हौसा दात आवळून बसून राहिली, त्या हाताचा मनस्वी राग करत, आणि तो सुटू नये म्हणून आपलं मनगट जराही न हलवता.